शंभर कोणाचे? निफाडकडच्या एका रविवारच्या गणिताच्या बॅचविषयी

मागच्या हंगामात आमच्या कांदाचाळीत, म्हणजे कांदा साठवायच्या शेडमध्ये, १०० क्विंटल उन्हाळ कांदा भरला. काढणीच्या वेळी १५०० चा भाव मिळत होता, तो न घेता आम्ही थांबलो. दिवाळीच्या तोंडावर कांदा २२०० ने गेला. दीर ट्रॅक्टर रिकामा करून आले आणि ओट्यावर टेकता टेकता म्हणाले, "वहिनी, क्विंटलमागे सातशे सुटले. जवळजवळ ४७ टक्के." मी बी. कॉम. झालेली, तीन वर्षं स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी. मोबाइलवर ७०० भागिले १५०० केलं, ४६.६७ आलं, आणि मीही हो म्हटलं.

त्यानंतर तीन महिन्यांनी मी या बॅचला बसले. पहिल्याच रविवारी सरांनी फळ्यावर जवळपास हेच गणित मांडलं. निफाड तालुक्यात शिकवणारा माणूस कांद्याचंच गणित घालणार, त्यात नवल नाही. १०० क्विंटल कांदा, १५०० भाव, चाळीत सुकून-सडून २५ टक्के घट, उरलेला २२०० ने विकला, तर शेकडा नफा किती? वर्गात आम्ही २७ जण. काहींनी घट सोडूनच दिली आणि ४६.६७ लिहिलं. काहींनी त्यातून २५ वजा करून २१.६७ लिहिलं. मी या दुसऱ्या गटात होते आणि उत्तराबद्दल मला जराही शंका नव्हती.

सरांनी कोणालाच चूक म्हटलं नाही. फक्त विचारलं, "हे ४६.६७ शंभर कोणाचे? आणि हे २५ शंभर कोणाचे?" पहिले शंभर रुपयांचे, खरेदी भावाचे. दुसरे शंभर क्विंटलचे, चाळीत भरलेल्या मालाचे. मग एकातून दुसरं वजा कसं होणार? त्यांनी रक्कम मांडली. भरलेला माल १,५०,००० चा. विकला ७५ क्विंटल, २२०० ने, म्हणजे १,६५,०००. वर आले १५,०००. दीड लाखावर पंधरा हजार, म्हणजे १० टक्के. त्यात अजून हमाली नाही, तोलाई नाही, चाळीचा खर्च नाही.

लगेच दुसरा प्रश्न: नफा-तोटा काहीच नको असेल तर काय भावाने विकायचा? घट २५ टक्के, म्हणून भाव २५ टक्के वाढवून १८७५, असं अर्ध्या वर्गाने सांगितलं. बरोबर उत्तर २०००. भाव ३३⅓ टक्के चढायला हवा. कारण गेलेल्या २५ क्विंटलचा बोजा शंभरावर पडत नाही, उरलेल्या ७५ वर पडतो. चार वाट्यांचा खर्च तीन वाट्यांनी उचलायचा. सरांनी ४ : ३ लिहून त्याला चौकट केली आणि म्हणाले, पुढचे आठ रविवार आपण एवढंच करणार आहोत.

त्या संध्याकाळी मी घरी नानांना, म्हणजे सासऱ्यांना, हे गणित घातलं. नाना जुन्या सातवीपर्यंत शिकलेले. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी हे अपूर्णांकांचे पाढे अजून तोंडपाठ आहेत. त्यांनी कागदही मागितला नाही. "पाऊण राहिला ना? मग बरोबरी दोन हजारावर. वरचे दोनशे ते आपले." दोन हजारावर दोनशे, दहा टक्के. मी बघतच राहिले. "सडलेल्या कांद्याचा खर्च उरलेल्या कांद्यावर बसतो," एवढं बोलून ते गोठ्याकडे गेले. सरांनी वीस मिनिटांत जे समजावलं होतं, ते एका वाक्यात आलं होतं. मला त्या दिवशी क्लासची किंमतही कळली आणि नानांचीही.

आता क्लासबद्दल नीट सांगते. ही एका अभ्यासिकेची रविवारची बॅच आहे. आठ रविवार, सकाळी ९ ते १२, फी १८०० रुपये, झेरॉक्स नोट्स ६४ पानांच्या, त्याच फीत. विषय एवढाच: गुणोत्तर-प्रमाण, शेकडेवारी, नफा-तोटा, सूट, भागीदारी आणि मिश्रण. बुद्धिमत्ता नाही, भूमिती नाही. सर निवृत्त माध्यमिक शिक्षक आहेत. आमच्यात तलाठी, जिल्हा परिषद, पोलीस भरतीवाले जास्त होते. आठवीच्या शिष्यवृत्तीची दोन मुलं आणि एक किराणा दुकानदारही होते. दुकानदारांना परीक्षा द्यायची नव्हती, दुकानासाठी शिकायचं होतं.

माझं कारण साधं होतं. २०२३ च्या तलाठी भरतीत १०० प्रश्न, २०० गुण, दोन तास. मराठी, इंग्रजी, सामान्य ज्ञान आणि बुद्धिमत्ता-अंकगणित यांचे प्रत्येकी २५ प्रश्न होते. मी मराठीत चांगली, सामान्य ज्ञानात बरी. अंकगणिताशी आले की शाब्दिक उदाहरण दोनदा वाचायचं, तिसऱ्यांदा वाचायचं आणि मग पर्यायांतला त्यातल्या त्यात बरा दिसणारा आकडा निवडायचा, असं चालायचं. ७२ सेकंदांत एक प्रश्न सोडवायचा तिथे माझे तीन मिनिट जात आणि उत्तर तरीही चुकत असे.

त्याआधी मी शहरातल्या एका मोठ्या क्लासला जाऊन आले होते. त्याची फी याच्या कितीतरी पट. तिथे नफा-तोट्याच्या ४० 'ट्रिक' होत्या. "दिसलं असं, तर टाकायचं तसं." दोन वस्तू सारख्याच किमतीला विकल्या, एकीवर १० टक्के नफा, दुसरीवर १० टक्के तोटा, तर वर्ग करून शंभराने भागा, १ टक्का तोटा. उत्तर बरोबर येतं. पण एकीवर २० टक्के नफा आणि दुसरीवर १० टक्के तोटा झाला की माझी ट्रिक बंद पडायची. आणि विक्री किमतीऐवजी खरेदी किंमत सारखी असेल, तर ती लागूच होत नाही, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. ४० सूत्रं पाठ होती आणि कोणतं कुठे लावायचं हे सांगणारं एकही नव्हतं.

या बॅचमध्ये हेच उदाहरण तिसऱ्या रविवारी झालं. दोन शेळ्या, दोन्ही ९९० ला विकल्या. (आजच्या भावात ९९० ला शेळी मिळत नाही, हे वर्गातल्या एकाने सांगितल्यावर सरांनी तिचा कोंबडा केला.) नफ्याचा कोंबडा ९०० ला घेतला होता, तोट्याचा ११०० ला. नफा ९०, तोटा ११०. दोन्हीकडे १० टक्केच, पण एक दहा टक्के ९०० चे आणि दुसरे ११०० चे. तोट्याचे शंभर मोठे, म्हणून तोटा जास्त. २००० घातले, १९८० आले, १ टक्का तोटा. यात पाठ करण्यासारखं काही उरलंच नाही.

सरांची पद्धत म्हणाल तर एवढीच. वहीच्या प्रत्येक पानाला डावीकडे दोन बोटं समास सोडायचा. उदाहरणात टक्के हा शब्द आला की समासात लिहायचं: १०० = काय? नफा-तोटा आला तर १०० = खरेदी, जोवर प्रश्नात वेगळं सांगितलेलं नाही. सूट आली तर १०० = छापील किंमत. घट आली तर १०० = मूळ वजन. मग टक्क्यांचं गुणोत्तर करायचं. २५ टक्के नफा म्हणजे खरेदी : विक्री = ४ : ५. २० टक्के तोटा म्हणजे ५ : ४. या दोन ओळी एकाखाली एक ठेवल्यावर २५ टक्के चढवून २० टक्के उतरवलं की आपण होतो तिथेच कसे येतो, ते न सांगता दिसतं.

दुकानदारकाकांना सगळ्यात उपयोगी पडलं ते यातूनच. ते म्हणाले, "मी मालावर २० टक्के मिळवतो." सरांनी विचारलं, शंभर कोणाचे? काकांचा हिशेब गल्ल्यावरून होता: १०० ची विक्री झाली की २० आपले. म्हणजे ८० ची वस्तू १०० ला, ४ : ५, खरेदीवर २५ टक्के. पण नवीन मालावर किंमत टाकताना ते खरेदीवर २० टक्केच चढवत होते, ८० ची वस्तू ९६ ला. एकाच दुकानात दोन शंभर चालले होते. काकांनी तिथेच खिशातली डायरी काढली. पुढच्या रविवारी ते सगळ्यांसाठी शेंगदाण्याच्या चिक्क्या घेऊन आले.

वजनाच्या उदाहरणांतही तेच. दुकानदार खरेदी भावानेच विकतो, पण किलोच्या जागी ९०० ग्रॅम देतो, तर शेकडा नफा किती? पर्यायांत १० हमखास असतो आणि डोळे तिथेच जातात. पण त्याने पैसे १००० ग्रॅमचे घेतले आणि माल ९०० चा दिला. त्याचा खर्च ९०० चा, म्हणून १०० भागिले ९००, ११ १/९ टक्के. गिऱ्हाइकाच्या बाजूने मोजलं तर त्याचं नुकसान १००० वर १०० म्हणजे १० टक्के. एकाच काट्याच्या दोन बाजूंना दोन वेगळे टक्के. हे कळल्यावर मला दोन दिवस सारखं तेच सुचत होतं.

पण मला सगळ्यात आवडलेला तास खताच्या गोणीचा. एका मुलाने प्रश्न काढला: १०:२६:२६ च्या ५० किलोच्या गोणीत नत्र किती? गुणोत्तर शिकून झालं होतं, म्हणून आम्ही उत्साहाने १०, २६, २६ ची बेरीज ६२ केली आणि ५० ला ६२ ने भागून १० ने गुणलं. ८ किलोच्या वर उत्तर आलं. सर म्हणाले, गोणी वाचा. ते गुणोत्तरासारखं दिसतं, पण ते टक्के आहेत. शंभर म्हणजे गोणीचं सगळं वजन. ५० किलोत नत्र ५ किलो, स्फुरद १३, पालाश १३. मिळून ३१ किलो. उरलेले १९ किलो आम्ही आमच्या हिशेबात अन्नद्रव्य म्हणून वाटून टाकले होते. १९:१९:१९ चंही तसंच, बेरीज ५७ च होते. आमच्या घरी द्राक्षाला वर्षानुवर्षं हे खत सुटतं. गोणी मी कितीतरी वेळा उचलून ठेवली आहे, तिच्यावरचे तीन आकडे काय सांगतात ते मला त्या दिवशी कळलं.

द्राक्षाचंच आणखी एक. १०० किलो द्राक्षात ८० टक्के पाणी. सुकवून बेदाणा केला, त्यात २० टक्के पाणी राहिलं. बेदाणा किती? इथे मी स्वतः फळ्यावर गेले. पाणी किती उडालं यामागे लागलं तर माणूस अडकतो. जे बदलत नाही ते धरायचं. गर २० किलो होता आणि २० किलोच राहिला. आधी तो शंभरातला २० होता, आता शंभरातला ८० आहे. २० किलो म्हणजे ८० टक्के, तर बेदाणा २५ किलो. चारास एक. बेदाण्याच्या शेडवर "चार किलोला एक किलो" असं म्हणतात ते कुठून येतं, ते फळ्यावर निघालं. द्राक्ष ३० ने धरलं तर किलोभर बेदाण्यात १२० चा माल गेला. १८० ने विकला तर वरवर ५० टक्के दिसतात, डिपिंगचा (सुकवण्याआधी द्राक्ष द्रावणात बुडवण्याचा) आणि मजुरीचा खर्च वजा जाता किती राहतात ते प्रत्येकाने आपल्या घरच्या आकड्यांनी काढून आणायचं, हा गृहपाठ.

चौथ्या रविवारी त्रैराशिक झालं. शाळेत आम्हाला एकमान पद्धत होती, आधी एकाची किंमत काढायची. सरांनी त्यामागची जुनी मांडणी सांगितली. भास्कराचार्यांच्या ११५० च्या 'लीलावती'त प्रमाण, फळ आणि इच्छा अशी तीन पदं आहेत. १२ किलोला ३०० रुपये, तर २० किलोला किती? १२ प्रमाण, ३०० फळ, २० इच्छा. फळाला इच्छेने गुणायचं, प्रमाणाने भागायचं, ५००. त्यातली अट महत्त्वाची: प्रमाण आणि इच्छा एकाच जातीची हवीत. मला लगेच कांदा आठवला. भरलेले क्विंटल एका बाजूला आणि विकलेले क्विंटल दुसऱ्या बाजूला, ही एक जात नव्हे. सर मूळचे चाळीसगावकडचे. तिथल्या पाटणादेवीच्या शिलालेखात भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ काढल्याचा उल्लेख आहे, हे त्यांनी ज्या मायेने सांगितलं ते अजून कानात आहे.

भागीदारीचं आणि मिश्रणाचं फार लिहीत नाही. तिथेही वाट्यांचीच पद्धत आहे. ४०,००० बारा महिने आणि ६०,००० आठ महिने हे सारखेच, म्हणून नफा अर्धा-अर्धा. ४० चा आणि ५५ चा तांदूळ मिसळून ४६ चा करायचा तर ३ : २. वर्ग झाला, समजलं, पुढे गेलो.

आता जे खटकलं ते. वेगाचा सराव फार कमी आहे. आठ रविवारांत घड्याळ लावून फक्त दोन चाचण्या झाल्या, त्याही शेवटच्या दोन आठवड्यांत. समजणं आणि ७२ सेकंदांत करणं यांत अंतर आहे, ते मला घरी मागच्या प्रश्नपत्रिका सोडवून भरून काढावं लागलं. मी सरांना हे बोलले. ते म्हणाले, आधी समास भरायची सवय लागू दे. मला त्यांचं निम्मंच पटलं. सहाव्या रविवारनंतर रोज दहा प्रश्न वेळ लावून द्यायला काहीच हरकत नव्हती.

नोट्समध्ये चुका आहेत. पान ४१ वर किलोऐवजी ८७५ ग्रॅम देणाऱ्या दुकानदाराचा नफा १२½ टक्के छापलाय. तो १२५ भागिले ८७५, म्हणजे १४ २/७ टक्के हवा. ज्या चुकीविरुद्ध हा क्लास उभा आहे, नेमकी तीच चूक उत्तरांच्या पानावर! सरांनी वर्गात दुरुस्त करून घेतली, पण माझ्या नंतर आलेल्या मैत्रिणीच्या प्रतीतही ती तशीच होती. एवढ्या मनापासून शिकवणाऱ्या माणसाच्या नोट्स कोणीतरी एकदा बसून तपासायलाच हव्यात.

खोली पत्र्याची आहे, पंखा एक. मार्चमधल्या शेवटच्या तासांना साडेअकरानंतर बसवत नाही. मुलींसाठी स्वच्छतागृह नाही, शेजारच्या घरी विचारून जावं लागतं. आम्ही नऊ जणी होतो. अभ्यासिका चालवणाऱ्यांना आम्ही लेखी अर्ज दिला, करू म्हणाले, बॅच संपेपर्यंत झालं नव्हतं. फी घेताना मुलींची संख्या मोजता येते, तर ही सोयही करता यायला हवी. शिवाय उशिरा येणाऱ्यांसाठी सर पहिला अर्धा तास मागचंच परत घेतात. रेकॉर्डिंग नसतं, एक रविवार चुकला की वही मागून उतरवायची.

कोणी जावं? ज्यांचं शाब्दिक उदाहरण वाचताक्षणी डोकं बंद होतं, त्यांनी नक्की. ज्यांना सूत्रं पाठ आहेत पण उत्तरं लागत नाहीत, त्यांनी तर आधी जावं. शिष्यवृत्तीच्या मुलांना झेपतं, आमच्यातली दोघं पुढच्या बाकावर बसून आमच्याआधी हात वर करायची. ज्यांची परीक्षा महिन्यावर आली आहे त्यांनी मात्र आता जाऊ नये, वेळेचा सराव करावा.

माझं म्हणाल तर शेवटच्या चाचणीत या विषयाच्या २० पैकी १७ बरोबर आले, ३१ मिनिटांत. वेळ अजून जास्त लागतो. समास मी अजून सोडते, सराव परीक्षेच्या कच्च्या कागदावरही. यंदा चाळ भरताना दिरांनी विचारलं, किती भाव आला की सोडायचा? मी आणि नानांनी २० टक्के घट धरली, पाचाचे चार उरणार. काढणीचा भाव १६०० होता, म्हणून २००० च्या खाली विकायचं नाही असं ठरवून चाळीच्या खांबावर खडूने लिहून ठेवलं आहे.

पुढची बॅच दिवाळीनंतर आहे. पहिल्या रविवारी फी घेत नाहीत, बसून बघता येतं. नोट्स मिळाल्या की पान ४१ आधी दुरुस्त करून घ्या, आणि पाण्याची बाटली मोठी न्या.